पंच: एका पेयाचे कूळ आणि मूळ

नदीचे मूळ आणि ऋषीचे कूळ शोधू नये, असा आपल्याकडे संकेत आहे. पेयांच्या बाबतीत असा निर्बंध कोणी घातल्याचे ऐकिवात नाही. म्हणून एका पेयाच्या कुळाची आणि मुळाची थोडी विचारपूस करण्याचे येथे योजिले आहे. पेय मद्ययुक्त आहे हे आरंभीच सांगून टाकलेले बरे. ज्यांस त्या विषयाचे नावही नकोसे वाटत असेल त्यांनी निःशंक मनाने पुढील लेखाकडे वळावे. तथापि ते थांबल्यास त्यांच्याही हाती काही लागेल, अशी माझी समजूत आहे.

निमित्त घरगुती आहे. माझा पुतण्या निगडी प्राधिकरणात राहतो आणि चाकणच्या एका मोटारीच्या कारखान्यात कामास जातो. त्याच्या हाताखाली आणि हातावर जर्मन, कोरियन, जपानी अशी नाना देशांची माणसे असल्यामुळे त्याच्या घरच्या बैठकीस जे आतिथ्य चालते ते आमच्या पिढीस अपरिचित आहे. एका रविवारी संध्याकाळी मी त्याच्याकडे गेलो असता स्वयंपाकघरात मोठा उद्योग चाललेला दिसला. ओट्यावर सोललेल्या बदामांची वाटी, फडक्यातून पिळून काढलेले बदामाचे दूध, संत्र्याच्या साली, चिरलेली कागदी लिंबे, किसणीवर अर्धे जायफळ. मला वाटले, वहिनींनी श्रीखंडाचा किंवा मसाल्याच्या दुधाचा बेत केला असावा. परंतु वहिनी दारात उभ्या होत्या आणि त्यांच्या मुद्रेवर बेताचा उत्साह नव्हता. ‘भावोजी, तुम्ही तरी बघा हा काय करतो आहे ते,’ एवढेच त्या म्हणाल्या.

पुतण्या म्हणाला, ‘काका, हे कॉकटेल आहे. जुने अमेरिकन आहे, व्हिस्की-सावर नावाचे. त्यात मी बदाम आणि संत्रे घालून थोडा बदल केला आहे.’ सावर म्हणजे इंग्रजीत नुसते आंबट. मी त्यास विचारले, ‘यात एकंदर जिनसा किती?’ त्याने बोटे मोजली. मद्य, लिंबू, बदामाचे गोड सरबत, जायफळ. ‘चार,’ तो म्हणाला. ‘आणि बर्फ?’ ‘बर्फ काही जिन्नस नव्हे, तो हलवताना विरघळतो, त्याचे पाणी होते.’ ‘मग ते पाणीच पाचवे,’ मी म्हटले. त्या पाच या संख्येत एक जुनी कथा दडलेली आहे, आणि तिचा पहिला स्पष्ट उल्लेख करणारा मनुष्य चाकणपासून फार दूर नसलेल्या एका गावी येऊन गेला होता.

त्या मनुष्याचे नाव जॉन फ्रायर. ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरीतील हा वैद्य १६७३ साली मुंबईस आला. शिवछत्रपतींच्या राज्याभिषेकाच्या वेळी इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झेंडन रायगडास गेला होता, त्या वकिलातीचा वृत्तांत आपल्या इतिहासकारांनी ज्या पुस्तकांतून घेतला त्यांत फ्रायरचेही पुस्तक आहे. पुढे १६७५ साली जुन्नरच्या मोगल अधिकाऱ्याच्या बोलावण्यावरून तो औषधोपचारासाठी जुन्नरास गेला. चाकणहून नाशिकच्या रस्त्याने नारायणगावास जाऊन डावीकडे वळले की जुन्नर लागते. हल्ली मोटारीने दोन तासांचाही प्रवास नाही. हाच फ्रायर गोव्याविषयी लिहिताना सांगतो की, बारदेशातील नेरूळ येथे उत्तम अरक तयार होतो, आणि या किनाऱ्यावरील इंग्रज लोक त्यापासून ‘पाँच’ नावाचे, शक्ती हरण करणारे पेय बनवितात. हिंदुस्थानी भाषेत या शब्दाचा अर्थ पाच असा असून, पाच जिनसा पडतात म्हणून हे नाव पडले. वैद्यच तो, म्हणून आमच्या वैद्यकातही पाच द्रव्यांच्या आणि चार द्रव्यांच्या योगांस त्या त्या संख्येवरून नावे आहेत, अशी पुस्तीही त्याने जोडली आहे. त्याचे पुस्तक १६९८ साली लंडनमध्ये छापले गेले. १८८६ साली यूल आणि बर्नेल यांनी ‘हॉब्सन-जॉब्सन’ हा अँग्लो-इंडियन शब्दांचा प्रसिद्ध कोश काढला तेव्हा त्यांनीही हीच व्युत्पत्ती स्वीकारली. इंग्रजी मेजवान्यांत मोठ्या काचपात्रातून जे ‘पंच’ वाढले जाते, ते नावाने आपले ठरते ते या पुराव्यावरून.

येथवर वाचून एखाद्या स्वाभिमानी वाचकास जो आनंद होईल तो मलाही प्रथम झाला होता. परंतु इतिहासात आनंद झाला की पुरावा पुन्हा एकदा तपासावा, हा नियम चांगला आहे.

फ्रायर हा या पेयाचा पहिला साक्षीदार नव्हे. त्याच्या चाळीस वर्षे आधी, १६३२ साली, कोरोमंडल किनाऱ्यावरील कंपनीच्या एका नोकराने पेटापोली येथील आपल्या स्नेह्यास पाठविलेल्या पत्रात हा शब्द येतो. तो अशा सहजपणे येतो की, लिहिणारा आणि वाचणारा या दोघांसही तो चांगला परिचयाचा असला पाहिजे. १६३८ साली मांडेल्स्लो नावाचा एक तरुण जर्मन सरदार सुरतेच्या वखारीत उतरला होता. वखारीतील जे व्यापारी बायकांस विलायतेत ठेवून आले होते ते दर शुक्रवारी संध्याकाळी प्रार्थनेनंतर एकत्र जमत आणि त्या दूरच्या कुटुंबाच्या आरोग्यार्थ पेले रिकामे करीत, असे त्याने लिहून ठेविले आहे. त्या पेयांतील एकाचे नाव तो ‘पालेपुंझ’ असे देतो. आणखी तीस वर्षांच्या आतच फ्रेंच प्रवासी बर्निये बंगालविषयी लिहिताना ‘बुलेपाँज’ म्हणतो. दोन्ही नावे ‘बोल ऑफ पंच’, म्हणजे पंचाचा कटोरा, या इंग्रजी शब्दसमूहाची परक्या कानांनी ऐकलेली रूपे आहेत. म्हणजे हे नाव जगभर फिरले ते इंग्रज खलाशाच्या आणि दलालाच्या तोंडून.

दुसरी अडचण संख्येचीच आहे. मांडेल्स्लो जिनसा मोजतो त्या चारच: मद्यार्क, गुलाबपाणी, लिंबाचा रस आणि साखर. बर्निये देतो त्याही चारच: गुळापासून काढलेला अरक, लिंबाचा रस, पाणी आणि जायफळ, साखर तो विसरला की त्या वेळी घालीत नसत हे ज्याचे त्याने ठरवावे. पाच असे ठासून सांगणाऱ्या फ्रायरने त्या पाच कोणत्या हे सांगितलेच नाही! म्हणून काही इंग्रज कोशकार ही पाचाची कथा मागाहून रचलेली मानतात. त्यांच्या मते हा शब्द ‘पंचन’ या जहाजावरील पिंपाच्या नावाचा संक्षेप असावा. सतराव्या शतकाच्या आरंभी इंग्रजीतील त्या स्वराचा उच्चार आजच्यासारखा ‘अ’ नसून ‘उ’कडे झुकणारा होता, तेव्हा ‘पंच’ ऐकून इंग्रजाने तो स्वर का लिहावा, हीही त्यांची शंका आहे.

या वादात एक बारीकशी भर मराठी कानाने घालता येण्याजोगी आहे. आपण मराठी माणसे ‘पाच’ म्हणताना ‘च’ दातांशी उच्चारतो. ‘चहा’ यातील चकाराहून तो निराळा आहे. तो चकार ऐकून इंग्रजाने ‘पंच’ असे लिहिले असते असे मला वाटत नाही. शब्द देशीच असेल तर तो हिंदुस्थानी ‘पाँच’ किंवा फारसी ‘पंज’ यांवरून, अथवा पंचांग, पंचामृत यांतल्या संस्कृत ‘पंच’वरून गेला असावा, आणि फ्रायरही ‘हिंदुस्थानी’ असेच म्हणतो. तेव्हा पेयाच्या नावाचे श्रेय देशास मिळाले तरी मराठीस मिळणे कठीण आहे. माझे स्वतःचे मत विचाराल तर मी फ्रायरच्या बाजूने कौल देईन. तो बोलतो आहे तो किनाऱ्यावरच्या प्रत्यक्ष माणसांच्या तोंडचा समज. आणि पिंपाची उपपत्ती मांडणाऱ्यांपाशी त्या काळचा तसाही एक साक्षीदार नाही. परंतु हा कौल आहे, निकाल नव्हे.

नावापेक्षा जिनसांची साक्ष मला अधिक भरवशाची वाटते. अरक हा शब्द अरबी. त्याचा मूळ अर्थ घाम. भट्टीच्या नळीस जो घाम सुटतो आणि थेंबाथेंबाने गळतो तो अरक. इतके चपखल नाव क्वचितच कोणत्या वस्तूस मिळाले असेल. इंग्रजीतील ‘शुगर’ ही आपल्या शर्करेची पणती. मध्ये फारसी, अरबी आणि लॅटिन अशा तीन पिढ्या गेल्या. ‘लेमन’ आणि ‘लाइम’ ही दोन्ही नावे फारसी-अरबी ‘लीमूँ’पासून निघाली आणि आपले लिंबू त्यांच्याच भावकीतले. ‘ऑरेंज’ हा संस्कृत ‘नारंग’. स्पेनमध्ये त्यास अजून ‘नारांखा’ म्हणतात. या आंबट फळांच्या कुळाचे माहेर हिमालयाच्या पायथ्यापासून आसाम, ब्रह्मदेश आणि दक्षिण चीनपर्यंतच्या पट्ट्यात असल्याचे वनस्पतिशास्त्रज्ञ सांगतात. जायफळ मात्र बांदा बेटांचे. ते आपल्याकडे जहाजातून आले आणि इतके घरचे झाले की श्रीखंडापासून बाळगुटीपर्यंत त्याच्यावाचून आपले चालत नाही. विलायतेतील मनुष्य त्या काळी बिअर आणि द्राक्षमद्य पीत असे. मद्यात लिंबू, साखर, पाणी आणि मसाला घालून नवे पेय सिद्ध करावे ही कल्पना त्यास सुचली ती या वस्तू जेथे बाजारात हारीने मांडलेल्या असत तेथेच.

आता ज्यांनी त्या वस्तू मांडल्या त्यांच्याविषयी. नेरूळचा अरक म्हणजे माडाच्या रसापासून काढलेला. माडावर चढून पोय बांधणारा, ती कोयत्याने रोज तासणारा, मडक्यात साठलेला रस सकाळ-संध्याकाळ उतरविणारा गोव्यातला रेंदेर आणि आपल्या कोकणातला भंडारी, ही या पेयाच्या इतिहासातील पहिली माणसे. परंतु सुरतेच्या त्या शुक्रवारच्या बैठकीत त्यांस जागा नव्हती. इंग्रजी प्रवासवृत्तांत अरकाची प्रत, त्याची तीव्रता, गोव्याचा चांगला की बंगालचा, याची चर्चा मोठ्या रसिकतेने करतात. १६८९ साली सुरतेच्या प्रवासास निघालेला ओव्हिंग्टन हा पाद्रीही त्यास अपवाद नाही. माडावरून पडून मेलेल्या माणसाचे नाव मात्र त्यांत सापडावयाचे नाही. पुढे राज्य इंग्रजांचे झाल्यावर माड आणि भट्टी या दोहोंवर कराचा फास आवळत गेला. १८७८ च्या मुंबई अबकारी कायद्याने झाडागणिक कर, परवाने आणि मक्तेदाराच्या मोठ्या भट्ट्या अशी व्यवस्था सर्वत्र लागू झाली तेव्हा ठाणे-कुलाब्याच्या भंडाऱ्यांनी अर्जांवर अर्ज केले. परंतु पिढीजात धंदा त्यांच्या हातून जो सुटला तो सुटलाच. पंच हे आपले पेय, असे अभिमानाने सांगताना ‘आपले’ या शब्दात कोण कोण येतात याची एकदा खात्री करून घ्यावी, असे मला वाटते ते यासाठी.

दरम्यान खुद्द इंग्रजांचीच रुची बदलली होती. सतराव्या शतकात बंदरोबंदरी पंचगृहे होती. १६७२ च्या सुमारास मद्रासेस त्यांच्यावर नियम घालावे लागले इतकी त्यांची चलती होती. परंतु कंपनीचा साहेब जसजसा श्रीमंत आणि अधिकारी होत गेला तसतसा अरक त्यास गोऱ्या शिपायाचे पेय वाटू लागला; साहेबाच्या टेबलावर मदिरा आणि क्लॅरेट आली, पुढे ब्रँडी-पाणी आले आणि शेवटी व्हिस्की-सोडा. आमच्या पिंपरी-चिंचवडच्या हद्दीत साहेबाने पाय रोवले तेव्हा पंचाचे दिवस सरत आले होते. दापोडी येथे पेशव्यांच्या कवायती पलटणींचा सेनापती कॅप्टन फोर्ड राहत असे. १८१७ च्या नोव्हेंबरात खडकीच्या लढाईत तो आपली पलटण घेऊन इंग्रजांस मिळाला. त्याचा बंगला १८२८ साली गव्हर्नर सर जॉन माल्कम याने सरकारासाठी घेतला आणि पुढील तीन-साडेतीन तपे मुंबईचे गव्हर्नर पावसाळ्यात दापोडीस राहिले. नंतर ते गणेशखिंडीच्या नव्या वास्तूत गेले, जेथे आज विद्यापीठ आहे.

दापोडीचे माझ्या लेखी खरे महत्त्व गव्हर्नरांमुळे नाही, तेथील बागेमुळे आहे. माल्कमने बंगल्याभोवती सरकारी वनस्पतिउद्यान सुरू केले आणि १८३८ पासून नऊ वर्षे अलेक्झांडर गिब्सन या स्कॉटिश वैद्याने ते सांभाळले. जुन्नरकडे हिवरे येथेही त्याची बाग होती. बाहेरदेशीची झाडे येथे रुजतात का, देशी वनस्पतींतून औषधे काढता येतात का, याचे प्रयोग तो करी. पुढे मुंबई इलाख्यातील जंगलांचे रक्षण करणारा पहिला अधिकारीही तोच झाला. बागेतील वनस्पतींची रंगीत चित्रे त्याने एका गोव्याकडील पोर्तुगीज-हिंदी चित्रकाराकडून काढून घेतली. ती शंभराहून अधिक चित्रे एडिंबरोच्या राजकीय वनस्पतिउद्यानात जपून ठेविलेली आहेत. त्यांवर ग्रंथही झाला आहे. चित्रकाराचे नाव कोणी लिहून ठेविले नाही. रेंदेराच्या शेजारी त्याचीही जागा या कथेत राहू द्यावी.

पंच हिंदुस्थानातून विलायतेस गेले आणि तेथून अटलांटिक ओलांडून अमेरिकेस पोहोचले. अरकाच्या जागी वेस्ट इंडीज बेटांतील रम आली. तेथील ऊस आफ्रिकेतून धरून आणलेल्या गुलामांच्या कष्टाने पिकत होता हे विसरून त्या काळच्या पंचाचे वर्णन करणे अपुरे होईल. बार्बाडोस बेटाची म्हणून जी पाककृती सांगतात ती मात्र तोंडपाठ करण्याजोगी आहे: आंबट एक भाग, गोड दोन, तीव्र तीन, सौम्य म्हणजे पाणी चार, आणि वर जायफळ. पुन्हा पाच! मोठा कटोरा भरून दहा-बारा जणांनी तासन् तास बसावे ही रीत उद्योगी अमेरिकनांस परवडणारी नव्हती. त्यांनी कटोऱ्याचा पेला केला. १८०६ साली न्यूयॉर्क प्रांतातील हडसन गावच्या एका वृत्तपत्राने वाचकाच्या प्रश्नास उत्तर देताना कॉकटेल म्हणजे मद्य, साखर, पाणी आणि कडू अर्क यांचे मिश्रण, अशी व्याख्या दिली. आणि १८६२ साली जेरी टॉमस या पानगृहचालकाने या विद्येचे पहिले अमेरिकन पुस्तक न्यूयॉर्कमध्ये छापले. त्यात आरंभीचा मोठा भाग पंचाचा आहे. पाणी कमी करून, मसाला बहुधा गाळून, एका पेल्यापुरते केलेले पंच म्हणजेच ‘सावर’. पुतण्याचे ‘जुने अमेरिकन’ पेय ते हे.

त्याच पुस्तकात ‘जपानी कॉकटेल’ नावाची एक कृती आहे. तिच्यात जपानी असे काहीच नाही. १८६० साली जपानची वकिलात अमेरिकेत आली होती, तिच्या कौतुकाने ते नाव पडले असे म्हणतात. तिच्यात ब्रँडी, कडू अर्काचे थेंब, लिंबाची साल आणि ‘ओर्झा’ नावाचे बदामाचे सरबत पडते. ‘ओर्झ’ म्हणजे फ्रेंच भाषेत जव. मूळचे ते जवाचे पाणी. त्यात चवीसाठी बदाम पडू लागले, पुढे जव निघून गेले आणि नाव मागे राहिले. १९४४ साली कॅलिफोर्नियातील ओकलंड येथे व्हिक्टर बर्जरॉन या भोजनगृहाच्या मालकाने रम, लिंबू, संत्र्याच्या सालीचे मद्य आणि हेच बदामाचे सरबत एकत्र करून ‘माय ताय’ प्रसिद्धीस आणले. तेव्हा बदाम आणि संत्रे घालण्याचा आमच्या चिरंजीवांचा बदलही अगदीच नवा नाही. हे सांगितल्यावर त्याचा चेहरा थोडा उतरला. परंतु जे सरबत तो बाटलीतून विकत घेऊ पाहत होता ते आपल्या थंडाईचे सख्खे भावंड आहे हे कळताच तो पुन्हा खुलला. काजूची फेणी घातली असती तर, असे त्याने विचारले. मी म्हटले, फेणी काजूगराची नव्हे, बोंडूची. बीच्या चवीचा तिच्यात लवलेशही नसतो.

त्याची कृती मी नीट पाहून घेतली. शंभर ग्रॅम बदाम कढत पाण्यात भिजवून सोलायचे. कडू बदाम असतील तर ते कटाक्षाने वगळायचे, कारण त्यांत विष असते. सोललेले बदाम पेलाभर पाण्यात वाटून फडक्यातून पिळायचे, आणि निघालेल्या दुधात त्याच्या वजनाइतकी साखर मंद आचेवर, उकळी न येऊ देता, विरघळवायची. ती साखर मात्र आधी संत्र्याच्या सालींबरोबर तासभर चुरून ठेवलेली. साल पातळ घ्यावी, पांढरा गाभा येऊ देऊ नये, तो कडवट असतो. साखर सालीतले सुगंधी तेल शोषून ओली होते. रसापेक्षा संत्र्याचा खरा वास त्या तेलातच आहे. शेवटी गुलाबपाण्याचे दोन थेंब. मग या सरबताचा एक भाग, कागदी लिंबाचा ताजा रस एक भाग आणि मद्य दोन भाग झाकणाच्या भांड्यात बर्फ घालून, हाताला गारठा सोसवेनासा होईपर्यंत हलवायचे. गाळून पेल्यात ओतले की वर जायफळाची एक फिरकी. मांडेल्स्लोचे गुलाबपाणी आणि बर्नियेचे जायफळ निगडीच्या चौथ्या मजल्यावर असे शेजारी शेजारी बसलेले पाहून मला गंमत वाटली.

लिंबे महाग होती तेव्हा बाटलीतले लिंबूसत्त्व वापरले तर चालेल का, असे त्याने पूर्वी एकदा विचारले होते. चवीच्या दृष्टीने उत्तर ‘नाही’ असेच आहे, परंतु त्या सत्त्वाचीही एक कथा पिंपरीशी येऊन मिळते. लिंबातले आम्ल शेले या शास्त्रज्ञाने १७८४ साली वेगळे केले, आणि पुढे शंभरावर वर्षे ते इटलीच्या लिंबांपासूनच मिळत असे. १९१७ साली जेम्स करी याने दाखवून दिले की, एक प्रकारची काळी बुरशी साखरेच्या पाण्यावर वाढविली तर तेच आम्ल ती भरपूर तयार करते. फायझर या अमेरिकन कंपनीने त्यावर कारखाना उभारला. आणि मोठमोठ्या टाक्यांत हवा खेळवून बुरशी वाढविण्याची जी विद्या त्या कंपनीस अशा आम्लांच्या धंद्यात साधली, तिच्याच बळावर दुसऱ्या महायुद्धात पेनिसिलिन विपुल निर्माण करता आले. स्वतंत्र भारताने १९५४ साली जागतिक आरोग्य संघटना आणि युनिसेफ यांच्या साहाय्याने पिंपरीस हिंदुस्थान अँटिबायोटिक्स स्थापन केली ती त्याच पेनिसिलिनसाठी. पिंपरीच्या औद्योगिक भाग्याचा आरंभ अशा रीतीने एका आंबट बुरशीच्या वंशावळीत सापडतो.

वहिनी अजून दारातच होत्या. त्यांचा अबोला नुसत्या सोवळेपणाचा नव्हता. मराठी मध्यमवर्गीय घरात मद्याच्या पेल्याकडे कोऱ्या दृष्टीने पाहणे कोणासच शक्य नाही. जोतीराव फुले यांनी पुण्याच्या नगरपालिकेचे सभासद असताना १८८० साली दारूच्या नव्या दुकानांविरुद्ध लेखी तक्रार केली. १९०८ साली टिळकांच्या प्रेरणेने पुण्यात दारूच्या गुत्त्यांपुढे तरुण पहारा देत उभे राहिले. या दोन पुरुषांचे ज्या थोड्या विषयांवर एकमत होते त्यांत हा एक आहे. १९१९ साली गडकऱ्यांचे ‘एकच प्याला’ रंगभूमीवर आले, आणि त्यानंतर सुधाकराची गोष्ट ठाऊक नाही असे घर उरले नाही. १९३९ च्या ऑगस्टात मुंबई शहरात पहिली दारूबंदी झाली. १९४९ चा दारूबंदीचा कायदा आजही महाराष्ट्रात उभा आहे, आणि त्याच्या अक्षरानुसार घरी बसून पिणाऱ्यासही परवाना लागतो. पुतण्याने तो काढलेला आहे हे त्याने मला मुद्दाम कपाटातून काढून दाखविले. वहिनींच्या माहेरी एक काका या पायी गेले. त्या घरात लहानपणी जे पाहिले ते पाहिलेल्या बाईस पाच जिनसांची व्युत्पत्ती सांगून काय उपयोग! मी सांगू लागलो होतो खरा; पण अर्ध्यावर थांबलो.

तेव्हा त्याच म्हणाल्या, ‘पाच जिनसांचे आंबटगोड आमच्याकडेही असते की! पंचामृत.’ त्या म्हणत होत्या ते देवापुढचे दूध-दही-तूप-मध-साखरेचे नव्हे, तर लग्नकार्यात पानाच्या डाव्या बाजूस वाढतात ते: चिंचेचा कोळ, गूळ, तीळ, दाण्याचे कूट, खोबऱ्याचे काप आणि मिरच्या. जिनसा मोजल्या तर पाचाहून अधिक भरतात. पण नाव पाचाचेच. फ्रायरवर आक्षेप घेणाऱ्या कोशकारांस हे पान एकदा वाढले पाहिजे होते, असे माझ्या मनात आले. संख्येचे नाव एकदा पदार्थास चिकटले की पुढे जिनसांची मोजदाद कोणी करीत नाही. कवठीच्या कवटाइतका आंबट आणि शेंगदाण्याचा खमंगपणा ज्यात एकत्र नांदतात असा पदार्थ चिंचवडच्या माणसाने परका का मानावा?

पुतण्याने भांड्याच्या तळाशी उरलेले बदामाचे सरबत एका पेल्यात ओतले, त्यात अर्धे लिंबू पिळले, थंड पाणी घातले आणि मद्याची बाटली कपाटात ठेवून देऊन तो पेला आईपुढे धरला. वहिनींनी किसणी त्याच्या हातून घेतली, जायफळ स्वतः किसून घातले आणि एक घोट घेऊन पाहिला.

‘चिमूटभर मीठ हवे होते,’ त्या म्हणाल्या, आणि मिठाची बरणी आणावयास आत गेल्या.